हजेरीत वाचायचा हुकूम

माझ्या नाकावर राग असतो, असं लहानपणापासून सगळे सांगत आले आहेत. असतो तर असतो. ज्याच्या नाकावर राग नसतो त्याच्या डोक्यावर लोक मिरे वाटतात, हे मी माझ्या धाकट्या भावाकडे बघून शिकले. कुणी त्याच्या पायावर पाय दिला तर तोच ‘माफ करा’ म्हणतो. असा माणूस आगीत कसा शिरतो हे मला कधी कळलं नाही. पण शिरायचा. अग्निशामक दलात होता, बंबावर. पाइपाचं तोंड धरून सगळ्यांच्या पुढे जाणारा तो.

मी शिंपीण. कोर्टासमोरच्या गल्लीत माझं दुकान आहे, वकिलांचे काळे गाऊन शिवते. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. माझं आयुष्य त्या पायरीसमोर मशीन चालवण्यात गेलं. कोणत्या वकिलाचं काम वाढलं आणि कोणाचं नुसतंच पोट, हे मला टेप न लावता कळतं. तरी ती पायरी मला चढावी लागली, ती धाकट्यापायी.

झालं असं की एका गोदामाला आग लागली. बंब पोचला, पाइप ओढला, धाकटा आत शिरला आणि पाणी जरा वेळ येऊन बंद पडलं. टाकी अर्धीसुद्धा भरलेली नव्हती. आतला रखवालदार गेला. टाकी का रिकामी होती ते केंद्रातल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. आदल्या संध्याकाळी तोच बंब केंद्रप्रमुखाच्या नव्या बंगल्याच्या बांधकामावर पाणी मारायला गेला होता. पण चौकशी बसली आणि एकजात सगळ्यांनी कानावर हात ठेवले. आगीत धाकट्याच्या मागे पाइप धरणारा एक मिशीवाला होता, आमच्या घरी कितीदा जेवून गेलेला. तोसुद्धा म्हणाला, ‘मला काही कल्पना नाही.’ टाकी तपासायचं काम धाकट्याचं होतं असं ठरवलं आणि त्याला काढून टाकलं.

नुसतं काढलं असतं तर एक वेळ गिळलं असतं. त्यांच्याकडे रोज सकाळी हजेरी होते. पटांगणात सगळे रांगेत उभे राहतात आणि प्रमुख हुकूम वाचतो. कुणाची बदली, कुणाची बढती, कुणाला शाबासकी, सगळं तिथे वाचलं जातं. तिथे जे वाचलं ते खरं, असा त्या लोकांचा हिशेब. धाकट्याला रांगेत उभं करून वाचलं की याच्या हलगर्जीपणामुळे एक माणूस मेला. ती बातमी आमच्या गल्लीत त्याच्या आधी पोचली. मग तो दिसला की कुणीतरी मागून ‘आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी’ म्हणायचं आणि बाकीचे खिदळायचे. आईने वाण्याच्या दुकानात जाणं सोडलं. आणि हा? हा घरात भिंतीकडे तोंड करून बसायचा. रागावलासुद्धा नाही. घरातला सगळा राग माझ्याच वाट्याला आला होता.

केस लढली वकीलबाईंनी. पहिला गाऊन शिवायला आल्या तेव्हा अगदी नवीन होत्या. गाऊन इतका लांब मागितला की मी म्हटलं, "बाई, उंची वाढायचं वय गेलं आता." हसल्या. पण कामाला वाघीण निघाल्या. बंगल्यावरचा गवंडी त्यांनीच शोधून काढला, त्याला साक्षीला उभा केला, आणि कोर्टाने धाकट्याला निर्दोष ठरवलं. हुकमाचे दोन भाग होते. एक, याला कामावर परत घ्या. दोन, याचा काही दोष नव्हता हे सकाळच्या हजेरीत सगळ्यांसमोर वाचा. मुदत एक महिना.

मी पहिल्या भागावर खूश होते. नोकरी आली म्हणजे माणूस आला, असं माझं मत. धाकट्याने मात्र वकीलबाईंना दुसराच भाग पुन्हा वाचायला लावला.

"हे होईल ना नक्की?" त्याने विचारलं.

"कोर्टाचा हुकूम आहे, न होऊन सांगतंय कुणाला?" वकीलबाई म्हणाल्या. नवीन होत्या, म्हटलं ना.

पहिला भाग त्यांनी रडतखडत केला. धाकट्याला कामावर घेतलं, पण बंबाला हात लावू दिला नाही. मागच्या शेडमध्ये ओले पाइप वाळत घालायला आणि फाटलेल्यांना ठिगळं लावायला बसवलं. दुसरा भाग जागचा हलला नाही. त्या केंद्रप्रमुखाला त्याचेच लोक पाठीमागे ‘उद्यासाहेब’ म्हणायचे, कारण आग सोडून कुठलंही काम असो, त्याचं उत्तर ‘उद्या बघू’. उद्यासाहेबांनी घोंगडं भिजत ठेवलं. आधी म्हणे हुकमाची प्रतच मिळाली नाही. मिळाली तेव्हा ती कायदा विभागाकडे अभिप्रायाला गेली. तिथून आली तर वाचायचं कुणी, प्रमुखाने की उपप्रमुखाने, हे हुकमात स्पष्ट नाही. मग साहेब रजेवर. मग वरून तपासणी येणार, अशा वेळी नको. प्रत्येक नवीन कारण ऐकून धाकटा मान डोलवायचा, जणू तोच त्या साहेबाचा वकील.

शेवटी मीच गेले भेटायला. साहेबांच्या टेबलाची काच इतकी लखलखीत होती की तिथे कधी काही काम झालं असेल असं वाटेना.

"बाई, तुमच्या भावाला परत घेतलं ना? पगार सुरू झाला ना?" साहेब म्हणाले. "मग आता त्या दोन ओळी वाचल्या काय नि न वाचल्या काय!"

"दोनच ओळी आहेत तर वाचून टाका की."

"शिस्तीचा प्रश्न असतो हो. मीच लावलेला ठपका मीच माझ्या लोकांसमोर पुसायचा? उद्या मला कोण विचारेल?"

"आज तरी कोण विचारतंय?" मी म्हटलं, आणि शिपायाने मला दार दाखवलं.

तळपायाची आग मस्तकात गेली माझ्या. तशीच वकीलबाईंकडे गेले. त्या म्हणाल्या, आता अवमानाचा अर्ज करू. कोर्टाचा हुकूम पाळला नाही की कोर्टाचा अवमान होतो, त्याबद्दल तुरुंगातसुद्धा जावं लागतं. तुरुंग हा शब्द ऐकून मला इतकं बरं वाटलं, की त्या दिवशी एका गाऊनला मी उजव्या जागी डावी बाही लावली.

"ताई, सोड ना आता," धाकटा म्हणाला. "त्यांना नाही वाचायचं."

"त्यांना नाही वाचायचं, म्हणूनच वाचायला लावायचं."

"जुलमाने वाचलेलं कुणी मनावर घेईल का?"

"तू गप्प बस," मी म्हटलं. तो बसला. गप्प बसण्यात त्याचा हात धरणारं कुणी नव्हतं.

मग तारखा सुरू झाल्या. दर तारखेला सरकारी वकील उठायचे, गाऊन सावरायचे आणि म्हणायचे, ‘मुदत हवी.’ तो गाऊन मी शिवलेला होता. त्याच्या काखेत टाके जरा कच्चे घालायला हवे होते, असं मला दर वेळी वाटायचं. न्यायाधीश वर बघायचे, खाली बघायचे आणि मुदत द्यायचे. महिन्याच्या मुदतीचा हुकूम असा दोन वर्षं लोंबकळला. एकदाचं न्यायाधीशांनी सांगितलं, पुढच्या वेळी केंद्रप्रमुखाने स्वतः हजर राहायचं. मी म्हटलं, आता मांजराच्या गळ्यात घंटा पडली.

त्या तारखेच्या आदल्या संध्याकाळी धाकटा घरी आला, चपला काढल्या आणि म्हणाला, "आज वाचलं."

आई उठून उभी राहिली. "सगळ्यांसमोर?"

त्याने चपला कोपऱ्यात सरळ लावल्या. मग एकेक करून काढून घेतलं त्याच्याकडून. सकाळी मोठी आग लागली होती, दोन्ही बंब बाहेर, झाडून सगळे जवान बाहेर. हजेरीची वेळ झाली. उद्यासाहेब पटांगणात आले, फाटकावरच्या पहारेकऱ्याला सावधान उभं केलं, खिशातून कागद काढला, वाचला, घडी केली आणि आत गेले.

"आणि तू कुठे होतास?"

"शेडमध्ये. पाइप वाळत घालत होतो. पाणी ठिबकत होतं, मला नीट ऐकूपण नाही आलं."

"आणि तू तसाच वाळत घालत राहिलास?"

"ओले होते ना," तो म्हणाला.

मी कात्री टेबलावर आपटली. आई म्हणाली, "कात्रीने काय केलंय तुझं?" खरं होतं. कात्रीने काही केलं नव्हतं. ज्याने केलं होतं तो आपल्या नव्या बंगल्यात जेवत असेल.

दुसऱ्या दिवशी कोर्टात उद्यासाहेब कडक इस्त्रीच्या गणवेशात आले. टोपी काखेत, मान जरा झुकलेली, जणू लग्नाला स्थळ बघायला आलेत. सरकारी वकिलांनी प्रतिज्ञापत्र दिलं. हुकूम हजेरीत सगळ्यांसमोर वाचण्यात आला आहे, उशीर कामाच्या व्यापामुळे झाला, आणि साहेब बिनशर्त माफी मागत आहेत.

मी वकीलबाईंच्या कानात विचारलं, "कुणाची माफी?"

"कोर्टाची."

"आणि याची?"

"याची नसते मागायची, ताई. अवमान कोर्टाचा झालाय."

दोन वर्षं शेडमध्ये कोण बसलं? कोर्ट? गल्लीतून मान खाली घालून कोण गेलं? कोर्टाच्या आईने दुकानात जाणं सोडलं होतं का? अपमान आमचा, आणि माफी तिसऱ्यालाच. लग्न एकाचं आणि आहेर शेजाऱ्याला, अशातली गत.

वकीलबाई उठल्या आणि पटांगण रिकामं होतं ते सांगितलं. सरकारी वकील शांतपणे म्हणाले, "त्या वेळी जे हजर होते, त्या सगळ्यांसमोर वाचलं आहे."

न्यायाधीशांनी डोळे चोळले. त्यांच्यासमोर फायलींचा ढीग होता आणि घड्याळ त्यांच्या डोक्यावर होतं. "पूर्तता झालेली दिसते," ते म्हणाले. "माफी स्वीकारून हे प्रकरण—"

मी उभी राहिले. राहिले म्हणजे काय, पाय आपोआप उभे राहिले.

"साहेब, सगळ्यांसमोर म्हणजे एका पहारेकऱ्यासमोर होय? म्हातारी मेल्याचं दुःख नाही, काळ सोकावतो! आज यांनी रिकाम्या पटांगणात वाचलं, उद्या भिंतीसमोर वाचतील आणि तुम्ही म्हणाल पूर्तता झाली. अपमान तुमचा झाला म्हणतात. मग तुम्हाला राग कसा येत नाही? तुमच्या वाटणीचा रागसुद्धा मीच करायचा का?"

वकीलबाई माझी बाही ओढत होत्या. न्यायाधीशांनी माझ्याकडे पाहिलं, पहिल्यांदाच.

"बाई, कोर्टात असं बोलणं हाही अवमान आहे. याची शिक्षा होऊ शकते, आत्ता, इथेच. माफी मागा."

आत्ता, इथेच! ज्याने दोन वर्षं हुकूम खिशात घालून फिरवला त्याला चहापाण्यासारखी मुदत, आणि मी दोन वाक्यं बोलले तर आत्ता, इथेच. पण मी आवाज चढवला नाही. गिऱ्हाइकाशी बोलते तशी बोलले.

"मागते, साहेब. बिनशर्त मागते. फक्त मला मुदत हवी. या साहेबांना दिलीत तेवढीच द्या."

मागच्या बाकावर कुणीतरी खोकल्याचं निमित्त करून हसलं. न्यायाधीश हसले नाहीत. त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला आणि उद्यासाहेबांकडे वळले.

"पटांगणात कोण कोण होतं?"

"सर, उपलब्ध कर्मचारी."

"म्हणजे कोण?"

"सर... पहारा होता, सर."

न्यायाधीशांनी धाकट्याला विचारलं, "तुम्ही कुठे होतात?"

"शेडमध्ये, साहेब. पाइप वाळत घालत होतो."

"तुम्हाला ऐकू आलं?"

धाकट्याने एकदा उद्यासाहेबांकडे पाहिलं. मला वाटलं, आता हा म्हणतोय, थोडं थोडं आलं. पण तो म्हणाला, "नाही आलं, साहेब."

न्यायाधीशांचा चेहरा हळूहळू लाल झाला. दोन वर्षांनी का होईना, राग आला होता. "प्रतिज्ञापत्रात ‘सगळ्यांसमोर’ लिहून माझ्यासमोर उभे राहता? उद्या सकाळी सगळ्या पाळ्यांचे लोक हजेरीला बोलवा. एकही कमी दिसला तर उद्याची रात्र तुम्ही घरी काढणार नाही." मग माझ्याकडे वळले. "आणि तुम्ही, बाई, फाटकाशी उभ्या राहा. ऐकू आलं की नाही ते इथे येऊन सांगा. तुमची माफीही तेव्हाच. तुम्हाला तेवढीच मुदत."

दुसऱ्या दिवशी सकाळी आई आणि मी फाटकाशी उभ्या होतो. आई कित्येक महिन्यांनी घराबाहेर पडली होती आणि चालताना माझा दंड सोडत नव्हती. पटांगणात रांगाच रांगा. धुतलेले बंब मागे उभे. धाकटा दुसऱ्या रांगेत, कडेला. मिशीवाला पहिल्या रांगेत, नजर आपल्या बुटांवर.

उद्यासाहेबांनी कागद काढला आणि वाचायला सुरुवात केली. वाचणं कसलं, पुटपुटणंच. ओठ हलत होते आणि शब्द कॉलरच्या आत पडत होते. सुंभ जळाला तरी पीळ जात नाही. मी फाटकाची सळई धरली आणि ओरडायला तोंड उघडलं, एवढ्यात रांगेतून धाकटा एक पाऊल पुढे आला. हजेरी चालू असताना असं कुणी करत नाही.

"साहेब, मोठ्याने."

उद्यासाहेबांनी मान वर केली. "रांगेत जा. हुकमात मोठ्याने असं कुठे—"

"मोठ्याने वाचा!"

पटांगण दणाणलं. हा आवाज मी माझ्या भावाच्या तोंडून जन्मात ऐकला नव्हता. आईची बोटं माझ्या दंडात रुतली. उद्यासाहेबांनी इकडेतिकडे पाहिलं, मग कागद वर धरला आणि पहिल्यापासून वाचलं, रस्त्यावरच्या लोकांनाही ऐकू जाईल असं. चौकशीतला ठपका रद्द करण्यात आला आहे. घडल्या प्रकारात यांचा कोणताही दोष नव्हता.

झालं. एवढंच. सुईत दोरा ओवायला लागतो तेवढा वेळ. एवढ्यासाठी यांनी माझ्या भावाची दोन वर्षं खाल्ली. आई रडत होती, आनंदाने. मीही रडत होते, पण माझं रडणं रागाचं होतं, ते मला बरोबर ओळखता येतं.

हजेरी मोडली. मिशीवाला सगळ्यांत आधी पुढे आला, हात पुढे करून. "चल, झालं गेलं विसरून जा. ये बंबावर. तुझी जागा आहे अजून."

धाकट्याने त्या हाताकडे पाहिलं. मग डोक्यावरची टोपी काढली, उद्यासाहेबांच्या हातात ठेवली आणि फाटकाकडे चालू लागला.

"अरे गाढवा, काय करतोस?" मी ओरडले. "या नोकरीसाठी दोन वर्षं भांडले मी!"

"माहीत आहे, ताई." तो फाटकाबाहेर येऊन उभा राहिला. परत त्याच्या मूळच्या हळू आवाजात बोलत होता. "आत धुरात काही दिसत नाही. मागे कोण आहे तेसुद्धा दिसत नाही. पाइप कुणीतरी धरून आहे, एवढ्या भरवशावर पुढे जायचं असतं. यांच्यातल्या कुणाच्या हातात देऊ?"

"पण आता वाचलं ना रे!"

"महिन्याभरात वाचलं असतं तर गेलो असतो. तेव्हा मला वाटायचं, चौकशीत बोलले नाहीत, घाबरले असतील. कोर्टाचा हुकूम झालाय म्हटल्यावर एक तरी जण येऊन बसेल माझ्याशेजारी. दोन वर्षं, ताई. शेड काय लांब होती?"

आईने डोळे पुसले, त्याच्या हाताला धरलं आणि दोघं घरी गेली. मी कोर्टात गेले, कारण मला मुदत नव्हती.

न्यायाधीशांनी विचारलं, "वाचलं?"

"वाचलं, साहेब."

"सगळे होते? ऐकू आलं?"

"सगळे होते. रस्त्यावर ऐकू आलं."

"मग तुमचं?"

मी माफी मागितली. अगदी स्पष्ट शब्दांत मागितली, नाहीतर म्हणायचे ऐकू आली नाही. माझ्यापाठोपाठ उद्यासाहेबांनी मागितली, कोर्टाची. दोन्ही एकाच वाक्यात स्वीकारल्या गेल्या. वकीलबाईंना मी बाहेरच सगळं सांगितलं होतं. त्या फाईलमध्ये डोकं खुपसून बसल्या होत्या आणि नाक ओढत होत्या.

"आता काही तक्रार उरली आहे का?" न्यायाधीशांनी विचारलं. चांगल्या मनाने विचारलं, हे मला दिसत होतं.

सांगायला पुष्कळ होतं. मुदत महिन्याची होती, हे सांगायचं होतं. महिन्यात मिळालं असतं तर आज माझा भाऊ बंबावर असता, हे सांगायचं होतं. पण गेलेली दोन वर्षं परत द्या, हा हुकूम कुठल्या कोर्टाकडे मागायचा?

"नाही, साहेब," मी म्हटलं. "उरलं काहीच नाही."

त्यांनी लिहून घेतलं. शिपायाने पुढचं प्रकरण पुकारलं. सरकारी वकील उठले, गाऊन सावरला आणि म्हणाले, "मुदत हवी."